पाचाच्या जागी दोन

बस. खुर्ची ओढून समोर बस. मोबाइल पालथा घालू नकोस, बंद कर.

मेडिकल कोडिंगच्या सरावाला वीस चार्ट दिले होते, वेळ दिली होती दोन तास. तू चाळीस मिनिटांत पेपर माझ्या टेबलावर टाकलास आणि शीळ घालत जिना उतरलास. राजारामपुरीतला चहा चांगला असतो, मला माहीत आहे. पण वर बाकीची पोरंपोरी अजून पुस्तकाची पानं उलटत होती. तुला वाटलं असेल, काय हे कासव! आता ऐक. त्या कासवांना सोळा, सतरा, अठरा पडलेत. तुला अकरा. आणि त्या अकरांतले चार तुक्क्यानं लागलेत, हे तुला ठाऊक आहे आणि मलाही.

मला अकराचा राग नाही. ज्याला येत नाही त्याच्यावर मी कधी ओरडत नाही, त्याच्या शेजारी जाऊन बसतो. तुला येतं. बी.फार्म. फर्स्ट क्लास आहेस. एसएसआरआय म्हणजे काय, ते सोडियम कसं खाली आणतात, हे तुला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगशील. मग पेपरात 'अनस्पेसिफाइड' कशाला लिहितोस? झोपलेल्याला हलवून जागं करता येतं. झोपेचं सोंग घेतलेल्याचं काय करायचं?

चार्ट नंबर सात काढ.

अडुसष्ट वर्षांची बाई. डिप्रेशनसाठी एस्सिटालोप्रॅम १० मिलिग्रॅम, रोज सकाळी एक, तीन आठवड्यांपूर्वी सुरू केलेली. लेकीनं इमर्जन्सीत आणलं, कारण आई गोंधळल्यासारखं बोलायला लागली, चालताना तोल जायला लागला. सोडियम ११८. असायला हवं १३५ च्या वर. डॉक्टरनं इस्कटून लिहिलंय, तुझ्या-माझ्यासारख्याला कळावं म्हणूनच लिहिलंय: एस्सिटालोप्रॅममुळे झालेला हायपोनॅट्रेमिया. औषध सांगितल्याप्रमाणेच घेतलं जात होतं. लेकीनं डबीतल्या गोळ्या मोजून दाखवल्या, हिशेब जुळतो. हे तिसऱ्या परिच्छेदात आहे. तू तिसऱ्या परिच्छेदापर्यंत पोचलासच नाहीस.

आणि तू काय लिहिलंस? टी४३.२२२ए. मोठ्यानं वाच त्याचा अर्थ. वाच ना! 'एसएसआरआयची विषबाधा, हेतुपुरस्सर, स्वतःला इजा करण्यासाठी.'

लेका, त्या बाईनं डॉक्टरचं ऐकलं. रोज सकाळी एक गोळी घेतली, एकही चुकवली नाही. आणि तू तिच्या कागदावर लिहून मोकळा झालास की ही जीव द्यायला निघाली होती. हवा होता टी४३.२२५ए. पाचाच्या जागी दोन. 'एकच आकडा चुकला, सर,' असं मघाशी म्हणालास ना? कुठला आकडा चुकला ते बघ. सहावा. त्या कोडमधला सगळा जीव त्या सहाव्या आकड्यात आहे. एक म्हणजे चुकून घेतलं. दोन म्हणजे मुद्दाम. तीन म्हणजे दुसऱ्या कोणी दिलं. चार म्हणजे ठरवता आलं नाही. पाच म्हणजे बरोबर औषध, बरोबर डोस, बरोबर वेळ, आणि तरीही त्रास झाला. सहा म्हणजे कमी घेतलं. पुस्तकातल्या औषधांच्या टेबलात हेच सहा रकाने याच क्रमानं छापलेत. फूटपट्टी धरली असतीस तरी पाचव्यावर बोट गेलं असतं.

पण बोट का गेलं नाही, ते मी सांगतो. तुझी नजर 'डिप्रेशन'वर पडली, मग 'इमर्जन्सी'वर, मग 'गोळ्या'वर. तिन्ही शब्द जोडून तू मनात सिनेमा तयार केलास आणि वाचणं थांबवलंस. गल्लीत एखाद्या घरापुढं अँब्युलन्स थांबली की कट्ट्यावरची माणसं करतात तेच. त्यांना कोणी पगार देत नाही. तुला त्याच कामाचा पगार हवाय.

क्रमही उलटा. विषबाधा असेल तर औषधाचा टी-कोड आधी आणि तिच्यामुळं काय झालं ते मागून. दुष्परिणाम असेल तर काय झालं ते आधी, औषध नंतर. म्हणजे इथं ई८७.१ पहिला, टी४३.२२५ए दुसरा, मग एफ३२.ए. डॉक्टरनं नुसतं 'डिप्रेशन' लिहिलंय, म्हणून एफ३२.ए. तो कोड १ ऑक्टोबर २०२१ पासून आहे, तरी तू अजून एफ३२.९ लिहितोस. कारण तुझं पुस्तक म्हणजे कुठल्यातरी सीनिअरकडून उचललेली जुनी झेरॉक्स. आणि डॉक्टरनं हायपोनॅट्रेमियाच्या जागी एसआयएडीएच लिहिलं असतं, तर ई८७.१ बाद आणि ई२२.२ आत. हे ई८७.१ च्या खालच्या टिपेतच छापलंय. टिपा वाचायच्या असतात. डिझाइन म्हणून छापलेल्या नाहीत त्या.

'क्रम लक्षात राहत नाही, सर.' बरं. पाटाकडील आणि दिलबहारची मॅच असली की शाहू स्टेडियमवर तू कुठं असतोस, मला माहीत नाही असं वाटतं तुला? दोन्ही टीमचे अकरा-अकरा खेळाडू, कोण कुठल्या जागेवर, मागल्या सीझनला कुणी कितव्या मिनिटाला गोल मारला, सगळं पाठ. आणि इथं तीन ओळींचा नियम राहत नाही! दुष्परिणाम, औषध मागे. विषबाधा, औषध पुढे. कमी डोस, तो कोड पहिल्या जागेवर कधीच नाही. संपलं. यात लक्षात न राहण्यासारखं काय आहे? राहत नाही म्हणू नकोस. ठेवत नाहीस.

आता बारा नंबर. याचं मला सगळ्यात जास्त दुःख झालं.

एकाहत्तर वर्षांचे गृहस्थ. मायग्रेनसाठी रात्री अमिट्रिप्टिलिन. लघवी तुंबली, कॅथेटर घालावा लागला. डॉक्टरचं निदान, औषधामुळे मूत्र अडलं. तुझी उत्तरं: टी४३.२०५ए, म्हणजे 'कुठलंतरी अँटीडिप्रेसंट', आणि सोबत एफ३२.ए. म्हातारबाबांना डिप्रेशन आहे, हे तुला कुणी सांगितलं? चार्टात शोधून दाखव. नाही सापडणार. अँटीडिप्रेसंट आहे म्हणजे डिप्रेशन असणारच, असं तू घरीच ठरवलंस. अरे, अमिट्रिप्टिलिन मज्जातंतूंच्या दुखण्याला देतात, मायग्रेनला देतात, हे तुला परीक्षेत दहा मार्कांना आलं होतं! टी-कोड औषधाच्या जातीवरून ठरतो. ते कशासाठी दिलं, याच्याशी त्याला देणंघेणं नाही. ट्रायसायक्लिक आहे, म्हणून टी४३.०१५ए. आणि लघवी तुंबण्याला औषधामुळं झालेली असा वेगळा कोडच दिलाय, आर३३.०, आयता, ताटात वाढलेला. तू ताटाकडं बघितलंही नाहीस.

'अनस्पेसिफाइड' हा शब्द डॉक्टरनं औषधाचं नाव लिहिलेलंच नसेल तेव्हासाठी आहे. कोडरला पान उलटायचा कंटाळा आला तर वापरण्यासाठी नाही. व्हेन्लाफॅक्सिन, ड्युलॉक्सेटिन दिसलं की एसएनआरआय, टी४३.२१. सर्ट्रालिन, फ्लुऑक्सेटिन दिसलं की एसएसआरआय, टी४३.२२. मिर्टाझपिन टेट्रासायक्लिकच्या घरात. ब्युप्रोपियॉन यातल्या कुणाच्याच घरात बसत नाही, म्हणून 'इतर', टी४३.२९. कॉमर्सवाल्या पोरीला हे कोरडं पाठ करावं लागतं, आणि ती करते. तुला तर या औषधांची कुळी-मुळी माहीत आहे. वेड पांघरून पेडगावला जाणं म्हणतात ते हेच.

नवव्या चार्टात उलटा प्रकार. फ्लुऑक्सेटिन सुरू आहे, वजन वाढलंय. डॉक्टरनं दोन्ही गोष्टी दोन वेगळ्या ओळींत लिहिल्यात, मध्ये दुवा नाही. तू दुवा जोडलास आणि ठोकून दिलास, औषधाचा दुष्परिणाम. डॉक्टर कधी झालास? 'पण सर, होऊ शकतं ना?' हो, होऊ शकतं. जास्त जेवणानंही होऊ शकतं. थायरॉइडनंही. जे लिहिलंय ते कोड करायचं. लिहिलेलं नाही आणि शंका आहे, तर डॉक्टरला क्वेरी पाठवायची. क्वेरी लिहायला दोन मिनिटं लागतात. पण तुला ती दोन मिनिटं जड. जिथं डॉक्टरनं लिहिलंय तिथं तू वाचत नाहीस, आणि जिथं लिहिलं नाही तिथं तू स्वतःच लिहितोस. काय म्हणू मी याला?

सोळावा. हा अवघड होता, कबूल. सर्ट्रालिन डॉक्टरच्या चिठ्ठीप्रमाणं चालू. कंबर दुखली म्हणून गृहस्थांनी बायकोच्या डबीतलं ट्रॅमाडॉल स्वतःच्या मनानं घेतलं. दोन्ही मिळून सेरोटोनिन सिंड्रोम. तू दुष्परिणाम लिहिलास, कारण सर्ट्रालिन बरोबर घेतलं होतं. अर्धा विचार केलास, त्याबद्दल अर्धा शाबास. पण चिठ्ठीच्या औषधात चिठ्ठीबाहेरचं औषध मिसळलं आणि दोघांच्या भांडणातून त्रास झाला, तर ती विषबाधा धरायची. चुकून झालेली, म्हणून सहावा आकडा एक. दोन्ही औषधांचे टी-कोड आधी, सिंड्रोम मागून. आणि त्या सिंड्रोमला १ ऑक्टोबर २०२४ पासून स्वतःचा कोड मिळालाय, जी९०.८१. तुझ्या झेरॉक्समध्ये तो कुठून असणार? दर वर्षी १ ऑक्टोबरला ही यादी बदलते. दसऱ्याला सोनं लुटायला विसरतोस का? मग त्याच सुमारास पुस्तकही बदलायचं असतं, हे ध्यानात ठेव.

शेवटच्या 'ए'बद्दल दोनच वाक्यं. ए म्हणजे पहिली भेट नव्हे, त्या त्रासावर प्रत्यक्ष उपचार चालू आहे तोवर ए. तिसऱ्या दिवशी दुसरा डॉक्टर आला म्हणून तू डी लावलास, ते चूक.

आता तुझी कारणं. मी ती मोजून ठेवलीत.

'ओपन बुक परीक्षा आहे, सर.' आहे. सीपीसीला, म्हणजे कोडरच्या परीक्षेला, पुस्तकं उघडी ठेवता येतात. प्रश्न शंभर, वेळ चार तास. भागाकार कर. एका प्रश्नाला अडीच मिनिटंसुद्धा येत नाहीत. ज्यानं पुस्तक घरी उघडलंय त्यालाच ते तिथं उघडतं. बाकीच्यांना ते उशाला घ्यायच्या कामाचं.

'कंपनीत सॉफ्टवेअर असतं, सर, एन्कोडर सांगतो.' एन्कोडरला चार्ट वाचता येत नाही. तू 'ओव्हरडोस' टाइप केलंस तर तो ओव्हरडोसचं झाड दाखवणार. आंधळं दळतंय आणि कुत्रं पीठ खातंय, त्यात आता जातंही विजेवर चालतंय, एवढाच फरक.

आणि तिसरं. हे तू माझ्यासमोर बोलला नाहीस, जिन्यात मित्राला म्हणालास. भिंती पातळ आहेत. 'अमेरिकेतली बाई, तिला कुठं कळतंय कोल्हापुरात बसून आपण काय टाकलं ते.'

हे मात्र नीट ऐक.

माझे वडील शाहू मार्केट यार्डात एका गुळाच्या अडतीत दिवाणजी होते. रव्यांची वजनं, दर, हमाली, तोलाई, अडत, सगळं वजा करून शेतकऱ्याला पट्टी लिहून द्यायची. रात्री साडेनऊला घरी येत, तोंडाला काकवीचा वास. एकदा एका पट्टीवर पाचाच्या जागी दोन पडला. सकाळी सहाला तो शेतकरी आमच्या दारात उभा. राधानगरीकडचा, पहिल्या एसटीनं आलेला. वडिलांनी त्याला चहा दिला, माफी मागितली, नवी पट्टी लिहिली. कारण त्याला वाचता येत होतं. पट्टी त्याच्या हातात होती, पैसा त्याचा होता, दार कुठलं ते त्याला माहीत होतं.

चार्ट सातमधली बाई कुणाच्या दारात उभी राहणार? तिच्या हातात पट्टी नाही. कोडची भाषा तिला येत नाही. उद्या दुसऱ्या शहरातला दुसरा डॉक्टर तिचा रेकॉर्ड उघडेल, त्याला तो दोनचा आकडा दिसेल आणि तो तिच्याकडं वेगळ्या नजरेनं बघेल. तिच्या लेकीला बाजूला घेऊन हळू आवाजात विचारेल. तिला कळणारही नाही की हे कुठून आलं. तिला कळणार नाही, हेच तुझं समर्थन ना? लेका, म्हणूनच तर जास्त जपायला हवं होतं!

आणि अमेरिका लांब आहे म्हणतोस, तर जवळचं घेऊ. उद्या तुला सीपीआरसारख्या सरकारी रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात नोकरी लागली, तर तिथं अमेरिकेचं पुस्तक नाही चालणार, डब्ल्यूएचओचं लागेल. त्यात टी४३ फक्त विषबाधेसाठी. उपचार म्हणून घेतलेल्या अँटीडिप्रेसंटच्या दुष्परिणामाला वाय४९. आणि मुद्दाम घेतलेल्याला एक्स६१. म्हणजे तिथं एका आकड्याचा फरकही नाही, दोन्हींची अक्षरंच वेगळी. तिथं चुकलास तर आकडा घसरला, ही सबबसुद्धा सांगता येणार नाही. आणि तिथं ती बाई ओळखीची निघू शकते. करवीर तालुक्यातली, हातकणंगल्याची, तुझ्या आत्याच्या शेजारची. आपल्याकडं घरोघरी या गोळ्या तांदळाच्या डब्यामागं लपवलेल्या असतात. गोळी घेते हे सुनेला कळू नये म्हणून बाई मरमर लपवते. तिच्या कागदावर असला आकडा!

तू संध्याकाळी मेडिकलमध्ये काउंटरवर उभा असतोस, बरोबर? मग गिऱ्हाईक सांगतंच असेल, 'या गोळीनं गरगरतंय हो.' तू काय करतोस? 'जेवणानंतर घ्या' म्हणतोस आणि पुढच्याची चिठ्ठी घेतोस. भारतात २०१० पासून फार्माकोव्हिजिलन्सचा राष्ट्रीय कार्यक्रम चालू आहे. औषधाचा संशयित दुष्परिणाम कळवायचा फॉर्म एका पानाचा आहे आणि तो फार्मासिस्टला भरता येतो. कितीदा भरलास? नको सांगू, चेहऱ्यावर दिसतंय.

झिमेलिडिन नाव ऐकलंस? नसशील. एसएसआरआयच्या घराण्यातलं पहिलं. स्वीडनमध्ये तयार झालं, १९८२ मध्ये बाजारात आलं आणि १९८३ मध्ये परत घेतलं. काही रुग्णांना गियाँ-बारे सिंड्रोम झाला, हातपाय लुळे पडले. ते औषध बाजारातून कशामुळं गेलं? कुठल्यातरी दवाखान्यात कुणीतरी कंटाळलेल्या माणसानं कंटाळा बाजूला ठेवून 'ही गोळी घेतल्यावर हे झालं' असं नीट लिहिलं म्हणून. असे कागद एकावर एक साठले, तेव्हा कुणाच्या तरी लक्षात आलं. त्या कागदांवर पाचाच्या जागी दोन असते, तर सगळ्यांनी म्हटलं असतं, पेशंटनं स्वतःच करून घेतलं, औषध चांगलंय. आलं ध्यानात? तुझा तो सहावा आकडा नुसती बिलाची बाब नाही.

तू म्हणशील, सर एवढ्याशा गोष्टीचं एवढं लांबवतात. लांबवणारच. तुझ्या वडिलांनी ट्रॅक्टरचा हप्ता मागं ठेवून तुझी फी भरली. पावती मीच फाडली, म्हणून माहीत आहे. ते मला म्हणाले, 'पोरगं हुशार आहे, फक्त जरा...' आणि पुढं काही बोललेच नाहीत. बापाला पोराच्या आळसाला आळस म्हणवत नाही. म्हणून ते काम माझ्याकडं आलं.

आणि मान खाली घालून बसू नकोस. मान खाली घालणं ही तुझी जुनी युक्ती आहे. दोन मिनिटं गप्प बसायचं, सरांचा पारा उतरतो, मग 'पुढच्या वेळी नक्की' म्हणायचं आणि सुटायचं. जानेवारीत म्हणालास. गुढीपाडव्याला म्हणालास. गणपतीत तर तीनदा. पुढची वेळ म्हणजे नेमकी कधी, एवढं एकदा तारखेसकट सांग.

नाही ना सांगता येत? मग आज.

ही घे माझी प्रत, या वर्षाची आहे, पानं दुमडू नकोस. ती झेरॉक्स जाताना खाली रद्दीवाल्याला दे. पेन्सिल ठेव, पेन घे. शेवटची बस किती वाजता आहे? साडेनऊ. आत्ता साडेसात झालेत. दोन तास, तुला दिले होते तेवढेच.

चार्ट सात. कोड नंतर. आधी डॉक्टरनं काय लिहिलंय ते पहिल्या ओळीपासून वाच. मोठ्यानं. मी ऐकतोय.